खोडकराचें वकीलपत्र

आमच्या एका स्नेह्यांच्या दिवाणखान्यांत पुस्तकांचें एक जुनें सागवानी कपाट आहे. त्याच्या वरच्या खणांत कोल्हटकर, गडकरी आणि चिं. वि. जोशी यांचीं विनोदी पुस्तकें ओळीनें उभीं आहेत. तीं शोभेचीं नाहींत. स्नेह्यांनीं तीं पुनःपुन्हां वाचलेलीं आहेत, आणि चिमणरावाचा एखादा प्रसंग सांगतांना त्यांना स्वतःलाच हंसूं आवरत नाहीं. गेल्या दिवाळींत त्यांच्याकडे गेलों असतां त्याच कपाटाच्या माथ्यावर, मुलाचा हात पोंचणार नाहीं अशा बेतानें मागें सारून ठेवलेलें एक भडक रंगाचें पुस्तक दिसलें. मीं विचारलें तेव्हां ते म्हणाले, “अहो, तें जप्त केलें आहे. चिरंजीव सहामाहींत गणितांत घसरले, आणि पाहतों तों गणिताच्या पुस्तकाखालीं हें! यांत आहे काय म्हणाल, तर मास्तरणीची टवाळी, मग शिक्षा, मग पुन्हां टवाळी. वाचायचेंच तर पोरानें कांहीं चांगलें वाचावें.” निघतांना ते अकरा वर्षांचे चिरंजीव जिन्यापर्यंत पोंचवायला आले आणि हळूच म्हणाले, “काका, तुम्ही मागितलंत तर बाबा देतील. माझीं शेवटचीं वीस पानं राहिलीं आहेत.”

मीं तें पुस्तक मागून आणलें, वाचलें, आणि त्याचीं आणखी चार भावंडें मिळवून तींही वाचलीं. हें वकीलपत्र मला कोणीं दिलेलें नाहीं; मीं आपण होऊन घेतलें आहे. कारण माझ्या स्नेह्यांनीं जो निकाल दिला तोच निकाल आज सुशिक्षित म्हणविणाऱ्या शेंकडों घरांत दिला जात आहे, आणि आरोपीचें म्हणणें कोणीं ऐकून घेतल्याचें दिसत नाहीं.

पुस्तकाचें नांव ‘बिग नेट’. नेट हा शब्द आपल्या भाषेंत चिकाटीच्या अर्थानें येतो. या नेटजवळ ती एवढी एकच वस्तु मुबलक आहे. फक्त ती अभ्यासाच्या वांट्याला येत नाहीं. लिंकन पर्स या अमेरिकन चित्रकारानें ही चित्रमालिका ७ जानेवारी १९९१ रोजीं वृत्तपत्रांतून सुरू केली. (आडनांवाचें स्पेलिंग पाहून उच्चार करणारे हमखास फसतात, उच्चार ‘पर्स’ असाच आहे.) रोज तीन-चार चौकटी, आणि रविवारीं जरा ऐसपैस मांडणी. त्या चौकटींचे जे संग्रह पुढें निघाले त्यांपैकींच कपाटावरचें हें पुस्तक होय. नेट राइट हा पी. एस. ३८ नांवाच्या शाळेंत सहाव्या इयत्तेंत शिकतो. बाप, थोरली बहीण एलेन आणि तो स्वतः, एवढेंच त्याचें कुटुंब. फ्रान्सिस आणि टेडी हे जिवलग मित्र; जीना ही वर्गांतील पहिल्या नंबरची मुलगी आणि नेटच्या डोळ्यांतील कुसळ; समाजशास्त्र शिकविणाऱ्या गॉडफ्री बाई ह्या त्याच्या आयुष्यांतील साडेसाती; आणि निकोल्स हे मुख्याध्यापक, ज्यांच्या दारांत त्याचा बराचसा काळ जातो. शाळा सुटल्यावर अपराध्याला वर्गांत बसवून ठेवण्याची तिकडे जी शिक्षा आहे, जिला ‘डिटेन्शन’ म्हणतात, तिचा मान नेटला इतक्या वेळां मिळाला आहे कीं त्या खोलीवर त्याची वहिवाट सांगावी.

आपल्याकडील कांहीं जाणत्यांचा असा समज आहे कीं ‘डायरी ऑफ ए विंपी किड’ या जगभर खपलेल्या पुस्तकाची ही नक्कल आहे. हा समज उलटा आहे. जेफ किनी याचें तें पुस्तक २००७ सालचें. त्यापूर्वीं सोळा वर्षें नेट वृत्तपत्रांतून खोड्या करीत होता, आणि किनीनें स्वतः विद्यार्थी असतांना पर्सला पत्र लिहून या धंद्याबद्दल सल्ला विचारला होता. किनीच्या यशानंतर २०१० मध्यें नेटवर कादंबऱ्या निघूं लागल्या हें खरें. पण ओढ्यानें नदी भरली म्हणून नदी ओढ्यानंतर जन्मली असें होत नाहीं.

आतां आरोपाकडे वळूं. आमचे स्नेही म्हणतात त्याचा गाभा असा, कीं हा मुलगा खोड्या करतो, त्याला शिक्षा होते, आणि तो सुधारत नाहीं. यांतील तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत. तिसरीच गोष्ट या पुस्तकाचें खरें वैभव आहे असें मला वाटतें, आणि तें कां, हें सांगण्यासाठीं जरा मागें जावें लागेल.

चित्रांतील खोडकर मुलांचा वंश जर्मनींतील विल्हेल्म बुश याच्यापासून सुरू होतो. १८६५ सालीं त्यानें ‘माक्स उंड मोरिट्स’ या दोन पोरांच्या सात खोड्या पद्यांत आणि चित्रांत सांगितल्या. शेवटीं त्या पोरांचें काय झालें? त्यांना गिरणींत घालून दळण्यांत आलें आणि तें दळण बदकांनीं खाल्लें. गांवांत कोणालाही वाईट वाटलें नाहीं. पुढें १८९७ मध्यें रुडॉल्फ डर्क्स या जर्मन वंशाच्या चित्रकारानें न्यूयॉर्कच्या वृत्तपत्रांत त्याच धर्तीवर ‘कॅटझेनजॅमर किड्स’ काढलीं. तेथें गिरणी गेली आणि तिच्या जागीं पालथें घालून फटके आले. १९५१ सालीं हँक केचमचा डेनिस आला; त्याला फारतर खोलीच्या कोपऱ्यांत लहानशा खुर्चीवर भिंतीकडे तोंड करून बसवीत. आणि नेटला मिळतो तो कागदाचा एक कपटा व शाळा सुटल्यानंतरचा एक तास. खोडकर मुलाच्या सव्वाशें वर्षांच्या या इतिहासांत खोडी जवळजवळ तीच राहिली आहे. बदलत गेली ती शिक्षा. म्हणजे या चित्रांतून मुलाचा स्वभाव जेवढा कळतो त्याहून अधिक त्याच्या भोंवतीं उभ्या असलेल्या वडीलधाऱ्यांचा स्वभाव कळतो, आणि तो हळूहळू माणसाळत आला आहे एवढेंच यावरून दिसतें. आमचे स्नेही कपाटाच्या माथ्यापर्यंत येऊन थांबले, यांतही प्रगतीच पाहावयाची.

आपल्या घरीं या बाबतींत काय परंपरा आहे? मराठींत मुलांसाठीं छापलेलीं आरंभींचीं पुस्तकें म्हणजे सदाशिव काशीनाथ छत्रे यांचीं १८२८ सालचीं ‘इसापनीतिकथा’ आणि ‘बाळमित्र’. म्हणजे आमच्या बालवाङ्मयाच्या पाळण्यालाच बोधाची दोरी होती, आणि ती अजून कोणीं सोडलेली नाहीं. १९३५ सालीं साने गुरुजींचा श्याम आला. त्याच्या चुका, त्याचें रडणें आणि त्याचा पश्चात्ताप यांनीं महाराष्ट्राच्या तीन पिढ्या भिजून गेल्या. त्या पुस्तकाचें थोरपण मी नाकारीत नाहीं. मीही तें वाचतांना रडलों आहें. परंतु श्याम चुकतो तो सुधारण्यासाठीं. ताम्हनकरांचा गोट्या आम्हांला आवडला, तो त्याच्या वात्रटपणाच्या तळाशीं गुण सांपडले म्हणून. भा. रा. भागवतांच्या फास्टर फेणेच्या उचापतींना आम्ही टाळ्या दिल्या, कारण त्यांतून चोर पकडले जात. आणि खोडकरांचा जो राजा, त्या गोकुळांतील कृष्णाची दहींदुधाची चोरी आम्ही आजही मडकीं फोडून साजरी करतों. पण तो तर साक्षात् देव! थोडक्यांत, आमच्याकडे खोडकर मुलाला क्षमा मिळावयाची असेल तर त्यानें शेवटीं रडावें, चोर पकडावा, किंवा अवतार तरी घ्यावा. यांपैकीं कांहींच न करणारा, गणितांत साधारण, खेळांत बरा, बढाईंत अव्वल, असा जो वर्गांतला तिसऱ्या बांकावरचा मुलगा, त्याला आमच्या वाङ्मयांत राहण्यास जागा नाहीं. आमच्या घरांत मात्र तो पदोपदीं भेटतो.

पर्सनें त्या मुलाला जागा दिली. आणि ती देतांना त्यानें वय फार चोखंदळपणें निवडलें. बिल वॉटरसनचा कॅल्व्हिन सहा वर्षांचा आहे. सहा वर्षांच्या मुलानें घर डोक्यावर घेतलें तर पाहुणे कौतुक करतात. अकराव्या वर्षीं कौतुक संपतें आणि हिशेब सुरू होतो. अमेरिकेंतील ही ‘मिडल स्कूल’ म्हणजे नेमका तो उंबरठा: प्राथमिक शाळेंतील एकच प्रेमळ बाई जाऊन तासातासाला नवा शिक्षक येतो, नंबर लागूं लागतात, थोरल्या बहिणीशीं तुलना होऊं लागते. आपल्याकडेही शिष्यवृत्तीच्या परीक्षेनें हाच हिशेब मांडला जातो. या वयाच्या मुलाला आपण असाधारण नाहीं ही बातमी प्रथम कळते. बहुतेक मुलें ती मुकाट्यानें मान्य करतात आणि साधारण माणसें होतात. नेट ती मान्य करीत नाहीं. आपण थोर होण्यासाठींच जन्मलों आहों अशी त्याची ठाम श्रद्धा आहे, आणि रोजचा दिवस तिच्याविरुद्ध साक्ष देतो. पहिल्या कादंबरींत त्याला एका भविष्याच्या चिठ्ठींतून असें कळतें कीं आज तूं सर्वांवर मात करशील. तो दिवसभर त्या विजयाची वाट पाहतो, आणि संध्याकाळीं भविष्य खरें ठरतें: एका दिवसांत मिळालेल्या शिक्षांचा शाळेंतील उच्चांक त्याच्या नांवावर लागतो.

ही गोष्ट वाचून मूल हंसतें तेव्हां तें नेमकें कशाला हंसतें, याचा विचार आमच्या स्नेह्यांनीं केलेला नाहीं. तें शिक्षकाला हंसत नाहीं. तें नेटला हंसतें. आणि त्याच वेळीं त्याला मनांतून त्याची बाजूही घ्यावीशी वाटते. नेट स्वतःविषयीं जें सांगतो तें खरें नाहीं, हें मुलाला चित्रांतून दिसत असतें. शब्द एक सांगतात, चित्र दुसरें दाखवितें, आणि दोहोंमधील फट भरून काढण्याचें काम अकरा वर्षांचा वाचक स्वतः करतो. बढाई पहिल्या चौकटींत. फ्रान्सिसची रुक्ष माहिती दुसऱ्या चौकटींत. तिसरींत शब्दच नाहींत, केवळ एक चेहरा. आणि चौथींत फजिती. त्या निःशब्द चौकटीशीं थांबून मूल जें मनांत जुळवितें, तें कोणत्याही पाठ्यपुस्तकांतील ‘संदर्भासह स्पष्टीकरण द्या’ या प्रश्नाहून कठीण आहे. बोलणाऱ्याच्या बोलण्यापलीकडे पाहावयाचें, हें वाचनांतील मोठें शिक्षण. तें आमच्या मुलांना कोठें मिळतें?

आतां मी स्नेह्यांना त्यांच्याच कपाटाच्या वरच्या खणाकडे पाहण्याची विनंति करतों. चिमणरावांचा विनोद कशांत आहे? चिमणराव आपली हकीकत मोठ्या गांभीर्यानें सांगतात आणि आपलें हंसें होत आहे हें त्यांनाच ठाऊक नसतें, यांत. कोल्हटकरांचा सुदामा आणि गडकऱ्यांचा बाळकराम त्याच कुळांतले. पन्नाशीच्या गृहस्थानें ही कला आरामखुर्चींत बसून भोगावी आणि तिला अभिजात म्हणावें. अकरा वर्षांच्या मुलानें तीच कला चटईवर पालथें पडून भोगली तर ती टवाळी! विनोदाची ही जप्ती कोणत्या कायद्याखालीं झाली, हें मला त्यांच्याकडून समजून घ्यावयाचें आहे.

या घरांत आई नाहीं, हें वर आलेंच आहे. आमच्याकडील एखाद्या लेखकाच्या हातीं ही एवढी सामग्री लागती तर प्रत्येक पान ओलें झालें असतें. पर्स तिचें भांडवल करीत नाहीं. बाप स्वयंपाक करतो, तो नीट होत नाहीं, मुलें तोंडें वांकडीं करतात, आणि दिवस पुढें जातो. पोरक्या घराचें दुःख न बोलतां घर चालतें ठेवण्याचा हा जो साधा धीटपणा, तो मला पुष्कळशा करुणरसाहून मोलाचा वाटतो. तसेंच त्याच्या वह्यांचें. नेट वर्गांत बसून वहींत आपलीं स्वतःचीं चित्रमालिका काढतो. त्यांतला डॉक्टर सेसपूल हा शल्यविशारद रोग्यांची दाणादाण उडवितो. हीं चित्रें कच्च्या, पोरकट हाताचीं दिसावीं अशींच पर्स काढतो, आणि स्वतः कसलेला चित्रकार असून मुलाच्या हातानें वाईट काढणें ही सोपी गोष्ट नव्हे. तो पूर्वीं न्यूयॉर्क शहरांतील एका शाळेंत चित्रकला शिकवीत असे. म्हणजे शाळेची टवाळी करणारा हा मनुष्य शाळेंतला आहे. वर्गाच्या दोन्ही बाजूंनीं तो बसलेला आहे. म्हणूनच थकून गेलेल्या चित्रकलेच्या रोझा मास्तरांवर त्याचा जीव आहे, हें चाणाक्ष वाचकाला उमगतें.

वकिलानें अशिलाचे दोष झांकूं नयेत. गॉडफ्री बाईंच्या लठ्ठपणावर जो विनोद पुनःपुन्हां केला जातो तो मला हलका वाटला. बाई कडक आहेत, त्यांच्या कडकपणांत हंसण्यासारखें पुष्कळ आहे. मग देहाकडे बोट दाखविण्याचें कारण नव्हतें. जीनाच्या बाबतींतही असेंच. हुशार मुलगी म्हटली कीं ती चुगलखोर आणि गर्विष्ठ, हा सांचा जुना आणि आळशी आहे. फ्रान्सिस हाही पुस्तकी आणि टापटिपीचा. पण तो मुलगा असल्यामुळें जिवलग मित्र ठरतो. हा भेद पर्सच्या ध्यानांत यावयास हवा होता.

दुसरा दोष प्रकाशकांचा. रोजची चित्रपट्टी ही लोणच्याच्या फोडीसारखी असते. पानाच्या डाव्या बाजूला एक, तेवढीच. संग्रहांत तीच वस्तु वाडगाभर पुढें येते, आणि शंभर पानें एका बैठकींत वाचल्यावर जीभ बधिर होते. त्यांत वृत्तपत्रांतलीं चित्रें, कादंबऱ्या, कोडीं-खेळांचीं पुस्तकें हा सारा माल इतक्या एकसारख्या वेष्टनांत येतो कीं नवें कोणतें आणि जुनें कोणतें हें दुकानांत उभ्या असलेल्या आईबापांस कळूं नये. खपाचा मंत्र त्यांना साधला आहे, आणि मुलांच्या वाढदिवसाच्या पैशांवर तो चालतो. आमच्या स्नेह्यांनीं यावर कोरडे ओढले असते तर मी त्यांच्या बाजूनें उभा राहिलों असतों.

परंतु जप्ती करणाऱ्यांपेक्षांही मला भीति वाटते ती दुसऱ्या एका पंथाची. हा पंथ उदारमतवादी आहे. तो म्हणतो, “वाचूं द्या हो! निदान कांहीं वाचतो आहे. यावरून उद्यां चांगल्या पुस्तकांकडे वळेल.” या मंडळींनीं पुस्तकाला पायरी केलें, म्हणजे त्याच्यावर पाय देण्याची सोय केली. तें स्वतः चांगलें आहे कीं वाईट हें पाहण्याचे श्रम त्यांनीं घेतलेच नाहींत. मुलालाही तें कळतें. आपल्या आवडीकडे बाप दयेनें पाहत आहे हें ओळखावयास अकरा वर्षें पुरेशीं असतात. जप्ती करणारा बाप निदान त्या पुस्तकाला शत्रु तरी मानतो. शत्रूचा कांहीं मान असतो. या पंथाची शिडी तर कधींच संपत नाहीं: नेटवरून अमुकाकडे, अमुकावरून तमुकाकडे, आणि शेवटीं स्पर्धापरीक्षेच्या मार्गदर्शिकेकडे.

चित्रपुस्तकांवर खटला भरण्याची हौस नवी नाहीं, आणि ज्या देशांत नेट जन्मला तेथें ती एकदां परमावधीला गेली होती. १९४८ च्या सुमारास तेथील कित्येक गांवीं शाळकरी मुलांकरवींच कॉमिक्सच्या होळ्या पेटविण्यांत आल्या. १९५४ सालीं फ्रेडरिक वर्थम या मानसोपचारतज्ज्ञानें ‘सिडक्शन ऑफ द इनोसंट’ या ग्रंथांत बालगुन्हेगारीचें खापर कॉमिक्सवर फोडलें. त्याच वर्षीं सीनेटच्या समितीपुढें साक्षी झाल्या आणि भेदरलेल्या प्रकाशकांनीं आपण होऊन ‘कॉमिक्स कोड’ नांवाची बेडी पायांत अडकवून घेतली. त्याचा रोख गुन्ह्यांच्या आणि भुताखेतांच्या मासिकांवर होता, वृत्तपत्रांतील चित्रपट्ट्यांवर नव्हता, हें सांगितलें पाहिजे. पण पुढची हकीकत मोठी बोधप्रद आहे. वर्थमचीं कागदपत्रें अभ्यासकांना खुलीं झाल्यावर कॅरल टिली या विदुषीनें तीं तपासलीं, आणि २०१२ मध्यें सप्रमाण दाखवून दिलें कीं त्यानें आपल्या पुराव्यांत फेरफार केले होते. मुलांचे शब्द बदलले, निरनिराळ्या मुलांचीं बोलणीं एकत्र केलीं, आणि त्यांच्या घरच्या ज्या इतर आपत्ति होत्या त्यांचा उल्लेख गाळला. मूल बिघडलें, घरांत दारिद्र्य, मारहाण, आजार. आणि आरोपी कोण, तर चित्रांचें पुस्तक!

आमच्या स्नेह्यांच्या घरीं अशी कोणतीही आपत्ति नाहीं, हें मी मोकळ्या मनानें नमूद करतों. तेथें मुलगा गणितांत घसरला आहे, इतकेंच. तो अपूर्णांकांत घसरला, असें मीं त्याला विचारल्यावर कळलें. वर्गांत अपूर्णांक चालूं असतां तो पंधरा दिवस तापानें घरीं होता. परत गेला तेव्हां पुढचा धडा लागला होता. ही गोष्ट त्याच्या वडिलांना माहीत होती काय, असें मीं विचारलें. “त्यांनीं विचारलं नाहीं,” तो म्हणाला. “पुस्तक सांपडलं ना, मग तेंच कारण ठरलं.”

पुस्तक मीं परत पाठविलें आहे, बरोबर एक चिठ्ठी आहे. त्या चिठ्ठींत अपूर्णांकांची हकीकत लिहिली आहे, आणि एक अट घातली आहे: पुस्तक पुन्हां कपाटाच्या माथ्यावर गेलें, तर वरच्या खणांतील चिमणरावांचा संच त्याच्या शेजारीं, त्याच धुळींत, ठेवावा लागेल. मुलाची वीस पानें राहिलीं होतीं. संक्रांतीला मी तिकडे जाणार आहें.